कुसुमच्या घरचं गणित

हे मी आजवर कुणाजवळ बोलले नाही. नवऱ्याजवळ नाही, बहिणीजवळही नाही. तुम्हाला सांगते आहे — काहून, ते मलाही ठाऊक नाही.

बहात्तर-त्र्याहत्तरची गोष्ट असावी. नंदनवन वस्तीतल्या एका शाळेत मी सातवीच्या पोरींना गणित शिकवायची. माझा तोरा काय विचारता! एकदा शेकडेवारीचं उदाहरण घेतलं — झाडावरची वीस टक्के संत्री गळली, ऐंशी उरली, तर आधी किती होती? मी ऐंशीचे वीस टक्के काढले आणि ऐंशीतच मिळवले. शहाण्णव! कुसुम उठली. "बाई, शंभर होतात. वीस टक्के आधीच्यातले हायेत, उरलेल्यातले नाई." सगळा वर्ग हसला. पोर बरोबर होती — तेच तर झोंबलं मला.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत तिला एकटीला थांबवलं. लय हुशार ना तू? मग लिही फळ्यावर. मी सांगत गेले, ती लिहीत गेली — 'कुसुमच्या घरची वीस टक्के माणसं तापानं मेली. चार उरली. आधी किती होती?' तिच्या घरी किती जण, हे मला चांगलं माहीत होतं. तिचा खडू थांबला. "पाच," ती हळूच म्हणाली. पुसू का, असंही विचारलं तिनं. मी म्हटलं, राहू दे. सुट्टी संपल्यावर पोरींनी ते वाचलं.

चौथ्या दिवशी तिचा धाकटा भाऊ तापानं गेला.

योगायोग? मीही मनाला तेच समजावते. मग फळा ओल्या फडक्यानं पुसला, तरी सुकल्यावर तो चारचा आकडा पुन्हा का दिसायचा? पोरी कुजबुजायच्या — अक्षर कुसुमचं, जीभही तिचीच काळी. तिच्या बाकावर कुणी बसेना.

तिची माय शाळेत आली. "बाई, खरं सांगा. इनं तुमच्या सांगण्यानं लिवलं, का आपल्या मनानं?"

कुसुम माझ्याकडे पाहत होती. घाबरली नव्हती — बाई सांगतीलच, असा भरवसा होता तिला.

"मनानं," मी म्हटलं.

मायनं तिथंच तिच्या तोंडात मारली. त्यानंतर ती शाळेत आली नाही. आणि मी? निवृत्त होईपर्यंत, शाळेत नवी बाई आली की काळ्या जिभेच्या कुसुमची गोष्ट तिला मीच सांगायची.