बैठकीवरून ओळखलेला रशियन नट

म्हैसूरला सरस्वतीपुरमात आमचे घरमालक काका-काकी तळमजल्यावर राहतात, आम्ही वरच्या मजल्यावर. घराणं जुन्या म्हैसूरच्या मराठी शिलेदारांचं आणि काका स्वतः पोलिसांच्या घोडदळातून निवृत्त झालेले. निवृत्तीनंतर माणसं गीता धरतात, काकांनी एक रशियन नट धरला. तोही असा, की त्याच्या सिनेमांनासुद्धा त्याचं नाव माहीत नसावं. क्रांतीनंतरच्या पहिल्या काही वर्षांतल्या मूकपटांत शेकडो स्वार दौडत येतात आणि त्यातला एखादा पडद्याच्या कोपऱ्यात धाडकन पडतो. तो पडणारा म्हणजे काकांचा नट.

टीव्ही थांबवून थांबवून काकांनी त्याच्या नऊ भूमिका हुडकल्या. कधी बंडखोर, कधी शेतकरी, कधी नुसतंच प्रेत. एकदा त्याच्या अंगावर अधिकाऱ्याचा गणवेश दिसला, तेव्हा घरच्याच कुणाला बढती मिळाल्यासारखा वर आमच्याकडे केसरीभात, म्हणजे केशरी शिरा, आला.

"पण काका, चेहरा दिसत नाही, मग ओळखता कसे?" मी विचारायची.

"नोडम्मा, हे बघ, तोंड कशाला बघतीस? सीट बघ, घोड्यावरची बैठक. टाच खाली, डावा खांदा पुढं. पडताना पण लगाम सोडत नाही. एकच माणूस, अष्टे, बस्स."

"काकींना बघायला गेलात तेव्हाही टाचच बघितली होती का?"

"सुम्ने बस गं," काका म्हणायचे, पण खूश व्हायचे.

मग गल्लीजवळच्या एका फिल्म क्लबनं या नटाच्या कारकिर्दीवर बोलायला त्यांना बोलावलं. काकांनी कोट तीनदा इस्त्री केला. सिनेमांतली त्याची चित्रं जुळवायचं काम माझ्याकडे आलं. आदल्या दिवशी मी नऊही चित्रं मोठी करून शेजारी शेजारी लावली. पाच चित्रांत कान डोक्याला चिकटलेले होते, चारांत सुपासारखे बाहेर. माणसं दोन होती.

गप्प बसले असते तर अख्ख्या म्हैसुरात कुणाला कळलं नसतं. पण उद्या एखाद्यानं भर सभेत कान दाखवले असते तर? मी खाली जाऊन सांगितलं.

काकांनी भिंग लावून बराच वेळ बघितलं. "एकाच उस्तादानं शिकवल्यालं दिसतंय दोघांना," ते म्हणाले. मग त्यांनी कोट परत कपाटात टांगला. मला फार वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी मात्र ते क्लबात कोट घालूनच आले. जेमतेम वीस माणसं होती, निम्मी आमच्याच ओळखीची मराठी. सुरुवातीलाच काकांनी चूक सांगून टाकली. मागून कुणीतरी विचारलं, असल्या बिननावाच्या लोकांना शोधून करायचं काय?

"दसऱ्याला बन्नीमंटपाच्या मैदानावर मशालींचं संचलन होतं ना," काका म्हणाले, "त्यात मी बावीस वर्षं शेवटच्या रांगेत होतो. आमची ही टीव्हीवर पोरांना दाखवायची, ते बघा अप्पा. ती दरवर्षी दुसऱ्यालाच दाखवायची. मी कधी सांगितलं नाही."

सगळे हसले. मला हसता येईना. पुढच्या रांगेतल्या काकी उठून उभ्या राहिल्या.

"मग तुम्ही कुठले हो त्यातले?"

"डावीकडून तिसरा," काका म्हणाले.