अनसूयेच्या वाट्याचं अळणी

अनसूया गेल्याचं मला सांगलीत कळलं. बहिणीकडे गेले होते. आष्ट्याहून गुळाची गाडी घेऊन आलेला आमच्या गल्लीतला गाडीवान दारात उभ्याउभ्याच म्हणाला, "बाई, तुमच्या शेजारच्या पैलवानाची वैनी खर्चली. काल माती झाली." आणि प्यायला पाणी मागितलं. मेल्यावरसुद्धा ती पैलवानाची वहिनीच. मी परत आले तेव्हा त्यांच्या सोप्यात बायका दाटीवाटीने बसल्या होत्या. अनसूयेचा नवरा पलटणीत, ब्रह्मदेशाच्या बाजूला कुठेतरी लढाईवर. त्याला अजून तारही पोचली नसेल. एक म्हातारी डोळे पुसत म्हणाली, "भाग्याची गं. हळदीकुंकवानं गेली, सोनं झालं तिचं." बाकीच्या माना हलवत होत्या. मला अशी शिसारी आली की मी न बसताच घरी आले.

आम्ही जैन. कांदासुद्धा आमच्या घरात येत नाही. त्यांच्या आणि आमच्या परसात खांद्याएवढी एक भिंत, आणि त्या भिंतीपलीकडे दर बाजारच्या दिवशी मटण शिजायचं. लग्न होऊन मी या घरात आल्यापासून तो वास सोसते आहे. आधी चरबीचा उग्र वास, मग आतडी धुतलेल्या पाण्याचा, मग माश्या. मी शाळेत मुलींना शिकवते, चारचौघींत समजूतदार म्हणवते, पण त्या वासाला माझं शहाणपण कधीच पुरलं नाही. हे लिहितानाही तो वास नाकात येतो आहे. अनसूया सून होऊन आली आणि एवढा एक फरक पडला, की चूल पेटवण्याआधी ती भिंतीवरून हाक मारायची, "आवं बाई, खिडक्या लावा. वारं तुमच्याकडं हाय." कधी वारं अगदीच आमच्या बाजूला असलं तर ती चुलीचे तिन्ही दगड उचलून परसाच्या दुसऱ्या टोकाला नेऊन मांडायची. सासू ओरडायची, तरी न्यायची. आमची मैत्री त्यातनं झाली.

मटण त्यांच्याही घरातल्या चुलीवर चालत नसे, म्हणून ही परसातली वेगळी चूल आणि वेगळं पातेलं. मी नाकाला पदर लावून भिंतीशी उभी राहायची आणि ती बोलत बोलत शिजवायची. हळद-मीठ लावलेल्या फोडी मंद जाळावर, वर ताटली, ताटलीत पाणी. दुपार कलेपर्यंत जाळ पुढे-मागे करत बसायचं. मटण शिजत आलं की तिखट पडायच्या आत वरचं पिवळसर पाणी पळीने काढून घ्यायचं. ते अळणी. लहान मुलांना, आजाऱ्यांना, बाळंतिणीला तेच देतात म्हणे. मग उरलेल्यात भाजलेलं खोबरं, कांदा, चटणी, आणि पुन्हा कितीतरी वेळ रटरटणं. एवढं सगळं ती करायची आणि एक थेंब जिभेला लावायची नाही. घरातले पुरुष जेवायच्या आधी बाईने चाखलं तर ते उष्टं! मीठ ती वासावरून ओळखायची. मी एकदा विचारलं, "आणि तुला काय उरतं गं?" ती हसली. "रस्सा असतो की. फोड एखादी असली तर असती, नसली तर न्हाई."

अळणी मात्र जायचं तिच्या दिराला. तो तालमीत घुमायचा, जत्रेत कुस्त्या मारायचा, आणि त्याचा खुराक म्हणजे त्या घराचा देव. पितळी पेला तोंडाला लावून तो घटाघट प्यायचा, आणि ढेकर भिंतीच्या अलीकडे ऐकू यायची. काय तो माणूस! आपल्याला कोण वाढतंय हे त्याने मान वर करून कधी पाहिलं असेल असं मला वाटत नाही.

गेल्या वर्षी नवरा रजेवर येऊन गेला, अनसूयेला दिवस गेले, आणि बाळंतपणात मूल गेलं. त्यानंतर ती सावरलीच नाही. ओठ पांढरे पडले, दोन घागरी आणल्या की भिंतीला टेकायची. मीच हट्ट धरून तिला डॉक्टरांकडे नेलं. ते म्हणाले, "हिच्या अंगात रक्त नाही. औषध देतो, पण मटणाचं अळणी पाजा. तेच खरं औषध." मी, जैनाची बाई, ते ऐकून हरखले. घरात दर आठवड्याला तेच शिजतंय, आणि शिजवणारी हीच. आता अवघड काय होतं...

पुढच्या बाजारी तिने खरंच स्वतःसाठी एक वाडगं काढून ठेवलं. तेवढ्यात पैलवानाबरोबर तालमीतला कोणी जोडीदार आला. पाहुण्याला अळणी द्यायचं, ही त्यांच्याकडची रीत. तिने आपलं वाडगं उचललं आणि त्याच्यापुढे नेऊन ठेवलं. कोणी मागितलं नव्हतं. मी चिडले तर म्हणाली, "आवं, दारात आल्यालं माणूस त्ये. त्येच्या तोंडासमूर मी पिऊ व्हय? माझ्या घशाखाली तरी उतरंल का?" त्यानंतर दर बाजारी काहीतरी निघत गेलं. कधी जत्रा तोंडावर, कधी पैलवानाचा खांदा दुखावलेला.

शेवटी मी तिच्या सासूशी भांडले. म्हटलं, "मावशी, डॉक्टरांनी ते तिला सांगितलंय, पैलवानाला नाही." सासू शांतपणे तांदूळ निवडत म्हणाली, "बाईच्या अंगाला लागत न्हाई त्ये, बाई. वाया जातंय. आन् तुमी खात न्हाईसा, तुमाला काय कळतंय त्यातलं?" पैलवान शेजारीच अंगाला तेल चोळून घेत होता. तो हसला. मटणाच्या वासाने मला आजवर जेवढं मळमळलं, त्या सगळ्याहून ते हसू किळसवाणं होतं. मटण बिचारं निदान शिजतं.

तेरावं झालं, सुतक फिटलं, आणि त्यानंतरच्या बाजारी भिंतीपलीकडे पुन्हा धूर निघाला. खिडक्या लावा म्हणून हाक आली नाही. मी डोकावले. चुलीपुढे हिरा बसली होती, पैलवानाची बायको. पोरसवदा, पोट वर आलेलं, ओठ तसेच पांढरे. ती पळीने अळणी पितळी पेल्यात काढत होती. माझं डोकं फिरलं. मी पदर खोचला आणि त्यांच्या परसदाराने आत गेले. आयुष्यात पहिल्यांदा त्या पातेल्याजवळ उभी राहिले. वाफ तोंडावर आली. हिराच्या हातातला पेला घेतला आणि तिच्याच ओठांशी धरला. "पी," म्हटलं.

सासू सोप्यातनं धावत आली. "आवं बाई, जैनाच्या तुमी, मटणाच्या भांड्याला हात लावलासा. बाटलासा की वो."

"बाटू दे," मी म्हटलं. "पी गं हिरा."

पैलवान पाटावर बसला होता. त्याने मान वर करून आधी माझ्याकडे आणि मग आपल्या बायकोकडे पाहिलं. हिराने सासूकडे बघत एक घोट घेतला, मग दुसरा... पेला रिकामा होईपर्यंत मी तिथून हलले नाही. मग घरी आले, आणि न्हाणीत बसून पोटातलं सगळं ओकले. आता बाजार पुन्हा जवळ आला आहे. मी जाणार आहे.