आरोप मान्य

माझ्या लेखी जबाबावर चौकशी अधिकाऱ्यानं भज्यांचे तेलकट हात पुसले. माझ्यासमोर. तीन दिवस बसून लिहिलेला कागद. बोळा करून टेबलाखाली टाकला.

लातूरच्या सरकारी कॉलेजात मी प्रयोगशाळा परिचर. भूकंपात माय गेली, घर गेलं, त्यानंतर ही नोकरी लागली. तेव्हा शहरात गल्लोगल्ली क्लासेस निघत होते. आमच्या प्राचार्यांच्या मेव्हण्यानंही काढला. कॉलेजातले दोन मायक्रोस्कोप प्राचार्यांच्या गाडीतून तिकडं गेले. त्यांनी सांगितलं म्हणून मीच गाडीत ठेवले. जावक रजिस्टरात नोंद केली, त्यांची सही घेतली.

तपासणीत मायक्रोस्कोप सापडले न्हाईत. चोर मी ठरले.

चौकशीत साक्षीदारांना खुर्च्या. मला दाराशी, चपलांजवळ उभं केलं. मी म्हणाले रजिस्टर मागवा, तर अधिकारी म्हणे गरज न्हाई. साक्षीदारांना मी प्रश्न विचारते म्हणाले, तर सगळे हसले. लॅबचे सर खाली बघत बोलले, मी काही पाहिलं न्हाई. त्यांनीच तर गाडीचं दार उघडून धरलं होतं.

प्राचार्य शांतपणे म्हणाले, "तुम्हा लोकांना ढिगाऱ्यातून काढलं, नोकऱ्या दिल्या. तरी हात काही सुधरत न्हाईत."

माझी माय दोन दिवस दगडांखाली होती. आमच्याच वस्तीनं नखं तुटेस्तोवर उपसलं. हे कुठं होते?

मग अधिकाऱ्यानं टाइप केलेला कागद पुढं सरकवला. 'मला आरोप मान्य आहे.' खाली माझं नाव. चौकशीला बसायच्या आधीच तयार करून आणलेला.

"सही कर. एक वेतनवाढ जाईल, नोकरी राहील."

आयुष्यभर मान हलवत 'हाव साहेब' म्हणत आले होते. त्या दिवशी तोंडातून निघालं, "न्हाई. आधी रजिस्टर आणा."

बडतर्फ केलं. लोकांच्या घरी धुणीभांडी केली, पण न्यायाधिकरणात गेले. कितीतरी वर्षं तारखा. शेवटी निकाल आला: हिला बाजू मांडूच दिली न्हाई, आदेश रद्द, चौकशी नव्यानं करा. तोवर प्राचार्य हारतुरे घेऊन निवृत्त झाले होते.

त्यांच्या जागी आलेल्या नव्या साहेबानं निरोप धाडला, झालं गेलं विसरा, माफीनामा द्या, मिटवून टाकू.

मी लिहून कळवलं. चौकशी करा. कागद माझ्यासमोर मांडा. साक्षीदारांना मी प्रश्न विचारीन. त्यातून चोर ठरले तर चोर म्हणा.

माफीनामा देणार न्हाई. अन् उद्या कुणी माझी माफी मागायला आलं, तर माफही करणार न्हाई.