कूलरजवळचं टेबल

माझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नात जेवणाच्या टेबलांवर कोणाच्याही नावाची चिठ्ठी लावायची नाही, ज्याला जिथे बसायचं तिथे बसू द्यायचं, हे मे महिन्यातल्या एका बुधवारी सकाळी आमच्या अंगणात ठरलं. लग्न त्याच आठवड्यात रविवारी होतं.

प्रश्न वडिलांच्या जेवणाचा होता.

वडिलांना तरुणपणी कुष्ठरोग झाला होता. सरकारी दवाखान्यातल्या गोळ्यांनी ते बरे झाले तेव्हा मी शाळेतही जात नव्हतो. उजव्या हाताची दोन बोटं आखूड झाली, दोन्ही हातांची बाकीची बोटं वाकून राहिली. ते चमच्याने जेवतात. चमच्याच्या दांड्याला सायकलच्या ट्यूबचा पट्टा गुंडाळलेला असतो. बसून त्यांना नीट जेवता येतं. उभं राहून, एका हातात ताट धरून जेवणं जमत नाही.

राळेगाव तालुक्यातल्या आमच्या गावात, घराला लागूनच, त्यांचं किराणा दुकान आहे. पुड्याबंद माल ते देतात. सुटी साखर, डाळ आणि तेल आई देते. हे कोणी ठरवलं ते मला माहीत नाही. मला कळायला लागलं तेव्हापासून तसंच आहे.

नवरा मुलगा मारेगावचा. त्याला सगळं माहीत होतं. घरी येऊन तो वडिलांसोबत जेवलाही होता. त्याचे वडील साक्षगंधाला, म्हणजे साखरपुड्याला, आले तेव्हा दुसऱ्या एका कार्यक्रमाला जायचं आहे असं सांगून जेवणाआधी निघाले. त्यामुळे दोन्ही व्याही अजून एकत्र जेवलेले नव्हते. आमच्याकडे लग्नात ते शेजारी शेजारी बसून जेवतात. व्याही ताटावर बसेपर्यंत मुलीचा बाप जेवत नाही.

मंगळवारी नवऱ्या मुलाच्या काकांचा माझ्या मामाला फोन आला होता. लग्नाची सगळी व्यवस्था मामाकडे होती. बुधवारी सकाळी त्याने तो फोन अंगणात सगळ्यांसमोर सांगितला.

"म्हणे पंगत नका ठेवू जी. आता खाली कोणी बसत नाही, लोकायचे गुडघे धरतात. बुफे ठेवा."

"अख्ख्या मारेगावचे गुडघे एकदमच धरले का?" आई म्हणाली.

पंगत हवी असं आईचं म्हणणं होतं. पंगतीत शेवटच्या माणसाचं जेवण होईपर्यंत कोणी उठत नाही. एकदा बसलेला माणूस मधूनच निघून जाऊ शकत नाही. आईने हे कारण बोलून दाखवलं नाही, पण ते सगळ्यांना कळत होतं. काकांनाही कळलं असावं.

मामाने मधला मार्ग काढला. बुफे ठेवायचा, पण गोल टेबलं मांडायची, एकेका टेबलाला आठ खुर्च्या. पुढच्या टेबलावर दोन्ही व्याह्यांच्या आणि चार वडीलधाऱ्यांच्या नावाच्या चिठ्ठ्या लावायच्या. नाव लावलेल्या खुर्चीवर माणसाला बसावंच लागतं, असं तो म्हणाला. मला ते पटलं आणि मी तसं सांगितलं.

बहीण हळकुंडं निवडत बसली होती. ती म्हणाली, "चिठ्ठ्या लावाच्या नाही."

"काहून?"

"जबरदस्तीनं बसवलेलं माणूस मले नाही पायजे. ज्याले बसाचं तो बसन."

"अन् नाही बसला तं?" मामाने विचारलं.

"तं मले समजन तरी कोणत्या घरात चालली मी."

"समजून का करशीन तू? हळद लागल्यावर समजून का लोणचं घालशीन त्याचं?"

 वडील दुकानाच्या दारात, दवाखान्यातून मिळालेल्या काळ्या रबरी तळाच्या चपला पायात घालून बसले होते. ते म्हणाले, "एवढं कायले भांडून राह्यले? मी मांगं आचाऱ्यापाशी जेवून घेईन. गरम भेटते तिथं."

"लेकीचा बाप आचाऱ्यापाशी?" आई म्हणाली.

"बाबा, तुमी समोरच बसाचं," बहीण म्हणाली. "मी स्टेजवरून पाहीन."

वडील मामाला म्हणाले, "साळेबुवा, लग्न तिचं आहे. ती म्हणते तसं करा."

तिथे विषय संपला. मामाने हॉलवाल्याला फोन करून चिठ्ठ्या नको म्हणून सांगितलं.

रविवारी सकाळी मी हॉलवर पोचलो तेव्हा मामा दोन पोरांकडून एक टेबल सरकवून घेत होता. हॉलमध्ये दोन मोठे कूलर होते, त्यांपैकी एक बंद होता. मामाने वडिलांसाठीचं टेबल चालू कूलरच्या थेट समोर आणलं. "या उन्हात सगळे इकडंच येतीन, पाहा," तो म्हणाला. त्याने पाणी शिंपडून खुर्च्यांवरची धूळ स्वतः पुसली.

बाराच्या सुमारास बुद्धवंदना झाली, हार घातले गेले. त्यानंतर जेवण सुरू झालं. वांग्याची भाजी, वरण, भात, पोळी, बुंदी आणि मठ्ठा होता. वडील पांढऱ्या सदऱ्यात कूलरसमोरच्या टेबलावर बसले. त्यांच्या एका बाजूला आई होती. दुसऱ्या बाजूची खुर्ची त्यांनी रुमाल ठेवून धरली होती. मामाच्या ते लक्षात आलं, तेव्हा त्याने रुमाल उचलून वडिलांच्या खिशात ठेवला. "असं नव्हतं ठरलं, भाऊजी," तो म्हणाला.

मामाचा अंदाज एका बाबतीत बरोबर निघाला. लोक कूलरकडे आले. वाऱ्यासमोर उभे राहून त्यांनी घाम वाळवला, वडिलांना नमस्कार केला, मुलगी चांगल्या घरी पडली म्हणाले. मग "येतो हं" म्हणून ताटं घेऊन दुसऱ्या टेबलांकडे गेले. आमच्या गावचे लोक मागच्या भिंतीजवळ बसले होते. त्यांत दुकानातून रोज सामान नेणारे होते.

बाकीची टेबलं भरली तेव्हा खुर्च्या कमी पडू लागल्या. एका बाईने येऊन आईला विचारलं, "हे खुर्ची रिकामी आहे न वो?" आईने आधी वडिलांकडे पाहिलं, मग हो म्हणाली. बाईने खुर्ची उचलून शेजारच्या टेबलाला लावली. त्यानंतर विचारायला कोणी थांबलं नाही. मी वाढप्यांशी बोलून परत आलो तेव्हा त्या टेबलाला तीन खुर्च्या उरल्या होत्या. शेजारच्या टेबलावर अकरा माणसं कोपर आखडून जेवत होती.

मी तिसऱ्या खुर्चीवर बसलो नाही. ती व्याह्यांसाठी होती.

नवऱ्या मुलाचे वडील ताट वाढून घेऊन सरळ आमच्या टेबलाकडेच आले. वडील उठून उभे राहिले. मामाने खुर्ची मागे ओढली.

"बसा न जी," वडील म्हणाले.

"राहू द्या. उभ्यानं बरं वाटते मले. सकाळपासून बसूनच आहो."

"बसा, कूलरचा वारा लागन चांगला."

"इथंही लागून राह्यला न."

ते खुर्चीच्या पाठीला टेकून उभे राहिले आणि तिथेच जेवले. घाई केली नाही. यंदाचं ऊन, तुरीचा भाव आणि मारेगावच्या रस्त्याचं काम यांवर बोलले. बुंदीची तारीफ केली, मठ्ठा दोनदा मागवला. वडील त्यांच्यासमोर उभे राहून ऐकत होते, मधे दोनदा "बसा" म्हणाले. जेवण झाल्यावर व्याह्यांनी ताट टबात ठेवलं, हात धुतले, लांबून हात जोडले आणि स्टेजकडे गेले.

वाढपी वडिलांचं ताट घेऊन आला होता. वडिलांनी ते तसंच परत पाठवलं.

स्टेजसमोर फोटो काढणाऱ्यांची रांग होती. ती जेवण संपेपर्यंत हटली नाही. स्टेजवरून कूलरसमोरचं टेबल दिसत नव्हतं.

चारच्या सुमारास गाड्या मारेगावकडे निघाल्या. आईने दोन डब्यांत वरण-भात आणि भाजी घेतली. घरी आल्यावर मामा अंगणात म्हणाला, "मी सांगतच होतो, चिठ्ठ्या लावा."

"चिठ्ठीनं बसला असता तं घास उतरला असता का त्याचा?" वडील म्हणाले. "सुखानं जेवला तो. जाऊ द्या."

आईने डबे उघडून दोन ताटं वाढली. वडील बाजेवर बसून जेवले. भाजी उन्हाने उतरली होती, ती आईने टाकून दिली.

संध्याकाळी बहिणीचा फोन आला. तिच्या मागे बायकांचे आवाज येत होते. ती हळू बोलत होती.

"दादा, बाबा जेवले का?"

"जेवले."

"कोणासंग?"

मी सांगितलं, "आईसंग."