उघड्या हातांचा शॉर्टस्टॉप

२००५ साली आम्ही अमेरिकेत, डेट्रॉइटजवळच्या ट्रॉयमध्ये राहत होतो. नवरा गाड्यांच्या कंपनीत सॉफ्टवेअरचं काम करायचा आणि माझ्या व्हिसावर मला नोकरीची परवानगी नव्हती. शेजारच्या अपार्टमेंटमध्ये ऐंशीला आलेल्या एक अमेरिकन आजी एकट्याच राहायच्या. मुलाने त्यांचं ड्रायव्हिंग बंद केलं होतं, म्हणून ग्रोसरीला जाताना मी त्यांना बरोबर न्यायचे.

एकदा गाडीत त्यांनी आपल्या आजोबांचा विषय काढला. एकोणिसाव्या शतकात ते पगारी बेसबॉल खेळाडू होते. शॉर्टस्टॉप, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधे उभं राहून जमिनीलगत सणसणत येणारे बॉल अडवणारे.

"तेव्हा ग्लोव्ह नव्हते?" मी विचारलं.

"होते काहींकडे. पण ग्लोव्ह घातला की लोक हसायचे. आजोबा शेवटपर्यंत उघड्या हातांनी खेळले. बोट मोडलं तर पट्टी बांधून दुसऱ्या दिवशी पुन्हा उभे."

क्लब त्यांना न विचारताच दुसऱ्या क्लबला देऊन टाकायचे. पुढे खांदा गेला, थ्रो पहिल्या बेसपर्यंत पोचेना. भर सीझनमध्ये, घरापासून लांबच्या एका गावात, त्यांना काढून टाकलं. मग डेट्रॉइटला स्टोव्हच्या कारखान्यात वॉचमनची नोकरी, आणि दारू.

"मी सहा वर्षांची असताना ते आमच्याकडे राहत होते," आजी म्हणाल्या. "बोटं वळायची नाहीत. सकाळी त्यांच्या शर्टाची बटणं मी लावायचे. मग मंदीत माझ्या वडिलांचं काम गेलं आणि आजोबांना गरीब-निराधारांच्या सरकारी आश्रमात ठेवलं. त्या दिवशीही बटणं मीच लावली. हिवाळ्यात ते गेले. आम्हाला कळलं तोवर त्यांना पुरूनही झालं होतं."

आजींना एकदा ती जागा बघायची होती. नोव्हेंबरात मी त्यांना घेऊन गेले. दफनभूमीच्या ऑफिसातला माणूस भला होता, पण त्याच्याकडे सांगण्यासारखं काही नव्हतं. गरिबांच्या कबरींवर दगड बसवत नसत, लाकडी खुंट्या ठोकत, त्या केव्हाच कुजल्या. काही भाग रस्ता रुंद करताना गेला.

"इथून त्या कुंपणापर्यंत कुठेही असतील," तो म्हणाला.

वारा बोचत होता. आजी हातात फुलं धरून त्या सपाट गवताकडे बघत राहिल्या.

"कुठे ठेवू गं?" त्यांनी मला विचारलं.

आम्ही थोडं पुढे गेलो, परत आलो. शेवटी फुलं घेऊनच त्या गाडीत बसल्या.

पुढच्या वर्षी त्यांना विसर पडायला लागला. गॅस चालू राहायचा. मुलाने त्यांना नर्सिंग होममध्ये हलवलं. मी भेटायला गेले तर मला तिथली नर्स समजल्या. काहीतरी ओळखीचं बोलावं म्हणून मी म्हटलं, "तुमचे आजोबा शॉर्टस्टॉप होते ना?"

"कोण आजोबा?" त्या म्हणाल्या आणि खिडकीकडे वळल्या.

२००८ मध्ये नवऱ्याला लेऑफ मिळाला. नोकरीशिवाय व्हिसा टिकणार नव्हता; हातातल्या थोड्या दिवसांत शिकागोजवळच्या शॉमबर्गला कसंबसं काम मिळालं आणि आम्ही घाईघाईत सामान बांधलं. निघण्याआधी मी नर्सिंग होमला फोन केला. पलीकडच्या बाईंनी विचारलं, "तुम्ही फॅमिली आहात का?" मी नाही म्हटलं. मग आजी कशा आहेत, आहेत की नाहीत, हे सांगता येणार नाही म्हणाल्या, आणि फोन ठेवला.