गावाकडे चालत गेलेली सतरंजी

"झाडं संपली की मंग कुठं बसाचं, दादा?"

हा प्रश्न मी दादाला चिंचेखाली विचारला होता. तो हसला आणि त्यानं पान उलटलं. नंतर मी गणपतकाकांना विचारलं, सोनामावशीला विचारलं. त्यांनी बोटांवर झाडं मोजली.

आता दादा, माझा थोरला भाऊ दौलत, नाही. कापसाच्या जिनात रुईची धूळ खाऊन खाऊन त्याची छाती गेली, आणि यंदा कापूस फुटायच्या आधीच तो गेला. भेटायला येणारा माणूस रडायला म्हणून बसतो आणि "तुया दादाचं ते आठवते का गा?" म्हणून एक किस्सा सांगून उठतो. जिनात रुईच्या गठाणी रचतात तसे हे किस्से घरात रचले गेले आहेत. एक ओढला की दुसरा अंगावर येतो! मी दुसरीतून शाळा सोडलेला माणूस. जसे अंगावर आले तसे सांगतो.

*

आमचा मोहल्ला गावाच्या उगवतीला, वेशीच्या बाहेर. धम्मदीक्षा घेतल्यावर दुसऱ्या वर्षी दादानं बाभुळगावच्या रद्दीवाल्याकडून पुस्तकं आणली. त्याला एकाच जातीची पुस्तकं आवडायची. जिथं कोणी गेलं नाही तिथं गेलेल्या माणसांची.

बाजाराच्या दिवशी मजुरीला सुट्टी. दुपारी मोहल्ल्यातल्या निंबाखाली सतरंजी टाकून तो मोठ्यानं वाचायचा. पहिलं पुस्तक समुद्राचं. नकाशात जमीन संपली तरी जहाज पुढंच जात राहिलं, अशी गोष्ट. ते संपायला उन्हाळा लागला. शेवटचं पान झालं तेव्हा म्हातारे गणपतकाका म्हणाले, "ते लोक दुनियेच्या त्या टोकाले जाऊन आले, दौलत. आन आपन? त्याच निंबाखाली!"

दादानं सतरंजी झटकली, खांद्यावर टाकली.

"चाला मंग," म्हणाला.

तेव्हापासून नियम झाला. पुस्तक संपलं की सतरंजी पुढच्या झाडाखाली. मोहल्ल्यापासून वेशीपर्यंत मोजकी झाडं होती. निंब, बाभूळ, नाल्याकाठची चिंच आणि वेशीला लागून बाहेरच्या अंगाला पिंपळ. आपली सतरंजी एक दिवस वेशीच्या आत, चावडीसमोर टाकायची, हे दादानं ठरवलं होतं. तो ते फक्त मला बोलला, तेही अगदी शेवटी.

*

बाभळीखाली बर्फाचं पुस्तक लागलं. पृथ्वीच्या तळाशी माणसं चालली आहेत, थंडीनं बोटं काळी पडून राहिली आहेत. आणि आम्ही वैशाखात, बाभळीच्या चाळणीसारख्या सावलीत! सोनामावशी डोळे पुसायची आणि त्याच पदरानं वारा घ्यायची.

"मेले बिचारे थंडीनं," ती म्हणाली. "त्यायले एक दिवस आमच्या गावात आनून बसवा लागत होतं!"

मग झेंडा लावल्याचं पान आलं. पहिला कोण पोचला, दुसरा कोण, सगळं लिहिलेलं. मावशी जन्मभर दुसऱ्याच्या वावरातला कापूस डोक्यावर वाहिलेली बाई. तिनं दादाला थांबवलं.

"झेंडा कोनी लावला ते समजलं. त्यायचं सामान कोनी वाह्यलं, ते वाच ना!"

दादानं मागची पानं चाळली, पुढची चाळली. नाव सापडलं नाही.

"मंग ते पुस्तक अर्धंच लिवलं हाय," मावशी म्हणाली.

*

चिंचेखाली आलो तेव्हा आम्हाला आणखी एक ऐकणारा मिळाला. रामराव. गावातला शेतकरी, नाल्यापलीकडे त्याचं वावर. दर बाजाराच्या दिवशी त्याची गाडी नेमकी चिंचेसमोर थांबायची. तो खाली उतरायचा आणि चाकाजवळ उकिडवा बसायचा.

"काय झालं, रामरावभाऊ?"

"चाकाची खीळ ढिली झाली, दौलत. तुमचं चालू द्या."

वाचन संपलं की खीळ घट्ट व्हायची! सतरंजीवर मात्र तो कधी बसला नाही. आम्ही बोलावलं नाही, त्यानं विचारलं नाही.

एकदा वाचनात मोठं वादळ होतं आणि दादाला खोकला आला. तो थांबला. चाकामागून आवाज आला, "जहाज बुडलं का वाचलं, तेवढं सांगून मंग खोकल ना गा!"

*

चिंचेखालचं ते पुस्तक देशोदेशी फिरलेल्या माणसाचं. त्यात लिहिलं होतं की देशादेशांत, माणसामाणसांत ज्या रेघा आहेत त्या आभाळातून पडल्या नाहीत. माणसानंच आखल्या. आणि माणसानं आखलेलं माणसाला पुसता येतं.

माझं डोकं तापट. मी तिथूनच उठलो आणि नाल्यापलीकडे गेलो. तिथं एक शेंदूर फासलेला दगड होता. लहानपणापासून आई सांगायची, "त्या दगडाच्या पलीकडे जाऊ नको." मी तो उपटला, खांद्यावर घेतला आणि आणून सतरंजीपुढे आदळला.

"हे घे, दादा! पुसली रेघ!"

चाकामागून रामराव उठला, दगडाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं.

"किसना," तो म्हणाला, "हा जातीचा दगड नोय रे बाबू. माह्या वावराच्या धुऱ्याचा, हद्दीचा होय. शेजारी टपूनच बसला हाय. नेऊन ठेव!"

दादा इतका हसला की हसता हसता खोकला लागला, आणि खोकल्यानंतर त्यानं तोंड पुसलेला रुमाल घाईनं खिशात घातला. मी दगड परत नेला. रामराव मागून ओरडत होता, "जरासाक शेजाऱ्याकडे सरकवून ठेवला तरी चालते!"

*

सतरंजी पिंपळाखाली आली तसं गावाच्या लक्षात आलं. पाटील स्वतः वेशीत येऊन उभे राहिले.

"काय गा दौलत, वाचनालयाले चाकं लावले का? दर सालाले पुढंच येऊन राह्यलं!"

"चाकं नाई, पाटील," दादा म्हणाला. "पाय आहेत."

पाटील हसले. पण जाताना म्हणाले, "वेशीपाशी थांबले म्हंजे पाय चांगले!"

*

पिंपळाखाली चंद्राचं पुस्तक. तेव्हा रशियानं आकाशात माणूस पाठवला होता. आता चंद्रावर माणूस कसा जाईल, तिथं वस्ती कशी करील, हे सगळं त्यात होतं. गणपतकाका डोळे मिटून ऐकत होते. त्यांनी हात वर केला.

"दौलत, चंद्रावर गाव वसवलं त आपला मोहल्ला कोन्या बाजूले राहीन?"

कोणी हसलं नाही. आमचा मोहल्ला उगवतीला का, ते सगळ्यांना माहीत होतं. वारा गावाकडून आमच्याकडे यावा, आमच्याकडून गावाकडे जाऊ नये, म्हणून.

दादानं बोट ठेवून एक ओळ पुन्हा वाचली. "चंद्रावर हवा नाही. त्यामुळे वाराही नाही."

काकांनी डोळे उघडले.

"वाराच नाई?"

"नाई, काकाजी."

"मंग," काका सावकाश म्हणाले, "कोन्याही बाजूले चालते."

*

त्या पुस्तकाचं एक प्रकरण राहिलं आणि दादा गेला.

पुढच्या बाजाराला सतरंजी घडी करूनच पडून होती. त्याच्या पुढच्या बाजाराला सोनामावशी दारात आली.

"चंद्रावर गेलेले वापस कसे येतात, ते आईकाचं राह्यलं," म्हणाली. "वाच."

"मावशी, मले वाचता कुठं येते?"

"येते तेवढं वाच."

पिंपळाखाली सतरंजी टाकली. एकेका अक्षरावर बोट ठेवून वाचू लागलो. जोडाक्षर आलं की घाम फुटायचा. डोळ्यांत पाणी, त्यात अक्षरं आणखी पोहायची.

"सावकाश, बाबू," गणपतकाका म्हणाले. "चंद्र काई पळून नाई चालला!"

दादा गेल्यावर मोहल्ला पहिल्यांदा हसला. रामरावाची गाडी आता पिंपळासमोर थांबायची, चाकामागून तोही हसला.

शेवटची ओळ झाली. पुस्तक मिटलं. आता सतरंजी पुढच्या झाडाखाली. पण पिंपळापुढे झाडच नव्हतं. वेशीच्या आत चावडीपर्यंत मोकळं मैदान, आणि दुपारचं ऊन.

सगळे माझ्याकडे पाहत होते. मी सतरंजी उचलली, वेशीतून आत गेलो आणि चावडीसमोर उन्हात टाकली. चावडीच्या ओसरीवर पाटील बसले होते, ते उठून उभे राहिले. मी दादाचं न उघडलेलं एक पुस्तक घेऊन एकटाच बसलो.

सोनामावशी आली. पदर सारखा करून बसली. मग गणपतकाका आले, मग एकेक करून सगळा मोहल्ला.

बैलांच्या घुंगरांचा आवाज झाला. रामरावाची गाडी वेशीतून आत आली आणि सतरंजीला लागून थांबली. त्यानं बैल सोडले, जुवाला टेकू लावला. कापसासाठी गाडीला बांधलेल्या बांबूच्या उंच तट्ट्याची सावली जमिनीवर पडली.

ओसरीवरून पाटील म्हणाले, "रामराव, हे काय?"

"खीळ पडली, पाटील. आता नाई हालत गाडी." मग आमच्याकडे वळून म्हणाला, "सरका, सावलीत या."

गणपतकाकांनी विचारलं, "आन तू?"

रामरावानं एकदा ओसरीकडे पाहिलं, एकदा सतरंजीकडे. उभाच राहिला.

मी सगळ्यांना उठवलं. सतरंजी धरून सावलीत ओढली, आणि ओढतच गेलो, तिची कड रामरावाच्या पायाला टेकेपर्यंत. मग दादाच्या जागेवर बसलो आणि पहिल्या अक्षरावर बोट ठेवलं.