कापलेल्या टाळ्या

आमच्या धाकट्या भावाला घरात घुम्या म्हणतात. स्वतः तोंड उघडणार नाही, पण लोकांच्या मनातलं काढून त्याच्या फिल्म्स करतो. कॅमेरा त्याचा, आवाज त्याचा, कापाकापी त्याची. हाताखाली कोणी नाही. शेजारीण नवऱ्यावर का रुसली, मावशीनं लग्न का केलं नाही, सगळं विचारून झालं. मग बाबांची पाळी आली.

बाबांना जाऊन चार महिने झाले. घुम्या रडला नाही. मीही नाही. आम्ही कपाट आवरलं, उरलेली औषधं दुकानात परत केली. आत काही हललंच नाही, खोटं कशाला बोलू?

परवा त्यानं फिल्म बघायला बोलावलं. शनिवारी सगळे नातेवाईक बघणार होते. सुरुवातीलाच याचा आवाज: 'बाबांनी मला कधी जवळ घेतलं नाही. हातसुद्धा लावला नाही.'

माझं डोकंच फिरलं. "हे वाक्य काढ आधी! गेलेला माणूस उलटून बोलत नाही म्हणून काहीही ठोकायचं का?"

"खरंय ते, ताई. एवढं चित्रण केलंय, एक तरी प्रसंग दाखव."

"दाखवतेच. न कापलेलं सगळं लाव."

पडद्यावर बाबा खुर्चीत बसलेले. अर्धांगवायूनं डावा हात मांडीवर निपचित. घुम्या आवाज वेगळ्या यंत्रावर भरायचा, म्हणून प्रत्येक तुकड्याच्या सुरुवातीला एक टाळी लागायची. चित्र आणि आवाज तिच्यावर जुळवायचे. बाबा म्हणाले, "एका हातानं टाळी वाजत नाही रे. आण तुझा." कॅमेऱ्यामागून घुम्याचा हात आला. बाबांनी खणखणीत टाळी दिली.

पुढच्या तुकड्यात तेच. त्याच्या पुढच्यातही. एकदा नेम हुकला तर दोघं खो खो हसले.

"हे काय आहे मग, गाढवा?"

"टाळी आहे. ती कापायचीच असते."

शेवटचा तुकडा लागला. तोवर यानं नवा कॅमेरा घेतला होता, आवाज त्यातच भरायचा. बाबांनी उजवा हात वर केला. मागून हा म्हणाला, "आता नको बाबा, गरज नाही. सुरू झालंय."

हात तसाच वर राहिला. मग बाबांनी तो खाली घेतला, गुडघ्यावर पुसला.

"मग आता काय करायचं?"

"बोला."

"काय बोलू?"

घुम्यानं चित्र थांबवलं. मला वाटलं, आता याचा बांध फुटणार. छे! मलाही रडू हवं होतं, आलं नाही.

"वाक्य काढतो," तो म्हणाला. चहा टाक म्हणावं तसा आवाज.

"त्या जागी काय बोलशील?"

"काही नाही."

त्यानं तो तुकडा मागे नेला आणि परत लावला. बाबांनी पुन्हा हात वर केला.